घरातील गळतीचा ब्रेकर वारंवार का पडतो? कारणे व प्रतिबंधक उपाय

मृगाचा पहिला पाऊस पडतो, पत्र्यावर सरींचा ताशा वाजू लागतो आणि घरातील दिवे एकाएकी मालवतात. बाहेर डोकावून पाहावे, तर शेजारच्या घरी दिवा आहे. गल्लीच्या खांबावरचाही चालू आहे. म्हणजे वीज गेलेली नाही. मीटरजवळच्या बोर्डापाशी गेल्यावर तेथील एक कळ खाली पडलेली दिसते. ती वर करावी, तर क्षणभर दिवे लागतात आणि कळ पुन्हा खाली येते. दोनतीन रात्री असे झाले की घरातील मंडळी कंटाळतात. मग वायरमनला बोलावून सांगण्यात येते, ‘ती कळ काढून टाका आणि लाइट डायरेक्ट करून द्या.’ वायरमन दोन तारा जोडून देतो. दिवे पुन्हा मालवत नाहीत, आणि घरातील सर्वांना हायसे वाटते.

येथेच खरा धोका सुरू होतो. ती कळ विनाकारण पडत नव्हती. घरात कोठेतरी वीज झिरपत होती आणि कळ तेवढे सांगत होती. गळती आहे तेथेच राहिली. केवळ सांगणारा गेला. रात्री राखणीचा कुत्रा भुंकतो म्हणून त्याला हाकलून द्यावे आणि चोर अंगणातच राहावा, त्यातला हा प्रकार होय. नंदुरबार जिल्ह्यातील घरांच्या दृष्टीने ही कळ का पडते, दोष कसा शोधावा आणि तो पुन्हा उद्‌भवू नये म्हणून काय करावे, याची माहिती ग्रामपातळीवरील प्रत्येक कार्यकर्त्यास व शेतकऱ्यास असणे अगत्याचे आहे.

ही कळ काम कशी करते?

या कळीस दुकानदार ‘आरसीसीबी’ म्हणतात. जुने वायरमन तिला ‘ईएलसीबी’ या नावाने ओळखतात. सोयीसाठी येथे तिला गळतीचा ब्रेकर म्हटले आहे. तिच्यावर ‘टी’ अथवा ‘टेस्ट’ अशी खूण असलेले एक लहान बटण असते, हीच तिची ओळख. शेजारी असलेल्या अरुंद कळा म्हणजे ‘एमसीबी’. त्यांचे काम निराळे आहे.

सकाळी गुरे रानात सोडताना आणि संध्याकाळी ती गोठ्यात घेताना जाणता गुराखी त्यांची मोजदाद करतो. वीस गेली आणि एकोणीस परतली, तर एक जनावर वाटेत कोठेतरी राहिले हे त्यास तत्काळ कळते. गळतीचा ब्रेकर नेमकी हीच मोजदाद करीत असतो. फेजच्या तारेने वीज घरात जाते, दिवा, पंखा अथवा मोटार चालविते आणि न्यूट्रलच्या तारेने परत येते. या दोन्ही तारा ब्रेकरमधील एका लोहकड्यातून गेलेल्या असतात. जितका प्रवाह गेला तितकाच परतला, तर ब्रेकर स्वस्थ असतो. त्यातील काही भाग ओल्या भिंतीतून, यंत्राच्या पत्र्यातून किंवा माणसाच्या शरीरातून जमिनीत गेला, तर येणारा प्रवाह कमी भरतो. हा फरक ३० मिलिअँपिअर झाला की ब्रेकर ०.३ सेकंदाच्या आत वीज तोडतो. गळती याच्या पाचपट असेल तर ०.०४ सेकंदात तोडतो. कोणत्या वाटेने वीज निसटली हे त्याला ठाऊक नसते. हिशेब जुळला नाही एवढेच त्याला कळते, आणि प्राण वाचविण्यास तेवढे पुरे होते.

विजेच्या धक्क्याचा मानवी शरीरावर होणारा परिणाम अनेक वर्षे अभ्यासणारे कॅलिफोर्निया विद्यापीठातील प्राध्यापक चार्ल्स डाल्झिएल यांनी १९६१ साली अमेरिकेत अशा प्रकारचे साधन सिद्ध केले. तेथे ते बहुधा भिंतीतील सॉकेटमध्येच बसविलेले असते. आपल्याकडे ते मुख्य बोर्डावर बसविण्याची पद्धत आहे. भारतात केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २०१० सालच्या सुरक्षाविषयक विनियमांत घरगुती जोडणीसाठी ३० मिलिअँपिअर ही कमाल मर्यादा घालून देण्यात आली. लहान भाराच्या जोडण्यांना त्यातून सूट होती. परंतु विजेचा धक्का जोडणी लहान की मोठी हे पाहत नाही, हे ध्यानात ठेवले पाहिजे.

फ्यूज असताना याची गरज काय?

हा प्रश्न गावोगावी विचारला जातो आणि त्याचे उत्तर आकड्यांनीच द्यावयास हवे. जुन्या १०० वॉटच्या दिव्यातून सुमारे ४३० मिलिअँपिअर प्रवाह वाहतो. माणसाच्या शरीरातून सुमारे १० मिलिअँपिअर प्रवाह गेला, तर स्नायू आखडतात व धरलेली तार हातातून सुटत नाही. ३० ते ५० मिलिअँपिअरच्या पुढचा प्रवाह काही काळ टिकला, तर हृदयाची लय बिघडून मृत्यू ओढवू शकतो. म्हणजे एका दिव्यास लागणाऱ्या विजेचा दहावा हिस्साही जीव घेण्यास पुरेसा आहे.

आता ५ अँपिअरचा फ्यूज पाहू. ५ अँपिअर म्हणजे ५,००० मिलिअँपिअर. माणसाचा जीव जाण्यास जेवढा प्रवाह पुरतो, त्याच्या शंभरपट प्रवाहापर्यंत हा फ्यूज शांत राहतो. फ्यूज व एमसीबी यांची योजना तारा जळू नयेत व आग लागू नये यासाठी आहे. माणसाचे रक्षण हे काम गळतीच्या ब्रेकरचे. दोन्ही हवेत; एक दुसऱ्याची जागा घेऊ शकत नाही. आरसीसीबी जादा भारामुळे पडत नाही आणि एमसीबी थोड्या गळतीमुळे पडत नाही, एवढे भान ठेवले तरी बिघाडाचे अर्धे निदान झाले.

या ब्रेकरच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. एका हाताने फेज व दुसऱ्या हाताने न्यूट्रल धरल्यास आणि जमिनीत काहीच प्रवाह जात नसल्यास हिशेब बरोबर जुळतो. अशा वेळी ब्रेकर पडत नाही. तसेच ब्रेकर असूनही क्षणभर धक्का जाणवतोच. तो जीवघेणा ठरण्यापूर्वी वीज तुटते, हाच त्याचा उपयोग.

नंदुरबारची जमीन आणि अर्थिंग

१ जुलै १९९८ रोजी धुळे जिल्ह्याचे विभाजन होऊन नंदुरबार जिल्हा अस्तित्वात आला. नंदुरबार, नवापूर, शहादा, तळोदा, अक्कलकुवा व अक्राणी या सहा तालुक्यांत जमिनीचे स्वरूप एकसारखे नाही आणि विजेच्या दृष्टीने या फरकास फार महत्त्व आहे.

तापीकाठची काळी जमीन कापूस, ऊस, केळी व पपई यांना मानवते. परंतु उन्हाळ्यात ती भेगाळते. अर्थिंगच्या नळीभोवतीची माती आकसून नळीपासून सुटते आणि जमिनीशी असलेला संबंध क्षीण होतो. जानेवारीत उत्तम असलेले अर्थिंग मे महिन्यात निरुपयोगी झालेले असू शकते. उलट सातपुड्यातील अक्राणी व अक्कलकुव्याच्या पाड्यांवर हातभर मातीखाली कातळ लागतो. तेथे नळी पुरेशी खोल जात नाही आणि कातळ वीज सहजी वाहून नेत नाही.

याचा परिणाम काय होतो? अर्थिंगचा रोध ४० ओहम आहे असे धरू. फ्रिजच्या पत्र्यास फेजची तार टेकली, तर २३० व्होल्टच्या दाबाने पावणेसहा अँपिअरच्या आसपास प्रवाह जमिनीत जाईल. १६ अँपिअरचा एमसीबी तेवढ्याने पडणार नाही. पत्र्यात वीज तशीच खेळत राहील. पण तेथे ३० मिलिअँपिअरचा ब्रेकर असेल, तर त्याच्या दृष्टीने ही गळती जवळजवळ दोनशेपट आहे. तो तत्क्षणी पडेल. अर्थिंगचा रोध १,००० ओहमपर्यंत वाढला, तरीही सुमारे २३० मिलिअँपिअर प्रवाह जमिनीत जाईल आणि ब्रेकर आपले काम करील. सबब, जेथे चांगले अर्थिंग करणे कठीण, त्या डोंगरपाड्यांवर गळतीच्या ब्रेकरची गरज अधिक आहे.

म्हणून अर्थिंग नको असा याचा अर्थ नव्हे. अर्थिंग नसेल, तर यंत्राच्या पत्र्यात उतरलेल्या विजेला जमिनीची वाट सापडत नाही आणि ब्रेकर पडत नाही. माणसाचा हात लागल्यावरच ती वाट तयार होते आणि मग ब्रेकर पडतो. अर्थिंग असेल, तर माणसाने स्पर्श करण्यापूर्वीच ब्रेकर पडतो. पहिल्या प्रकारात धक्का बसून सुटका होते, दुसऱ्या प्रकारात धक्काच बसत नाही.

ब्रेकर पडण्याची प्रमुख कारणे

१. ओल : पावसाळ्यातील सर्वांत मोठे कारण हेच. पत्र्याच्या किंवा कौलांच्या फटीतून आलेले पाणी भिंतीवरून उतरून बोर्डात शिरते. कुडाच्या वा मातीने सारवलेल्या भिंतीत ओल टिकून राहते. अंगणातील, गोठ्यातील व न्हाणीतील उघडे होल्डर आणि सॉकेट प्रथम दगा देतात. ऊन पडल्यावर ब्रेकर आपोआप राहू लागला, तर दोष ओलीचा आहे असे समजावे. दोष तात्पुरता गेला म्हणून तो मिटला असे मात्र समजू नये.

२. पाणी व उष्णता यांच्याशी संबंध असणारी उपकरणे : खानदेशच्या उन्हाळ्यात घरोघरी कूलर चालतात. पत्र्याचे अंग, आत पाणी, पाण्यात बुडालेला पंप आणि भोवती ओली जमीन असा धोक्याचा सारा मेळ कूलरमध्ये जमून येतो. पाणी तापविण्याची कांडी, गिझर, इस्त्री, मिक्सर, फ्रिज व घरगुती पिठाची गिरणी यांचाही क्रम याच यादीत लागतो. कांडी किंवा गिझर यांच्या तापणाऱ्या भागास बारीक तडा गेला, तर ते पाणी उत्तम तापवितात आणि त्याच वेळी ब्रेकरही पाडतात.

३. विहिरीवरील वा बोअरमधील मोटार : घरच्या पाण्याची मोटार घराच्याच बोर्डावरून चालत असेल, तर केबलच्या जोडात पाणी शिरल्याने अथवा मोटारीच्या वेटाळ्यांचे आवरण झिजल्याने मोटार सुरू करताच घरभर अंधार होतो.

४. कच्चे जोड : जुन्या तारेस नवी तार पिळून वर साधी चिकटपट्टी लावलेले जोड उन्हाने सुकतात व पावसात उघडे पडतात. २०१७ साली सुरू झालेल्या ‘सौभाग्य’ योजनेतून गरीब कुटुंबांना वीजजोडणीसमवेत एक दिवा व मोबाइल चार्ज करण्याचा एक बिंदू एवढी जोडणी घरात करून देण्यात आली. पुढे कुटुंबाच्या गरजा वाढल्या; त्याच एका बिंदूवरून पंखा, दूरदर्शन संच, कूलर व फ्रिज अशा तारा निघाल्या. असे वाढत गेलेले जाळे ठिकठिकाणी झिरपते. अशा लहान जोडणीवर बहुधा गळतीचा ब्रेकरही नसतो. तेथे धोका आहे आणि तो सांगणारे कोणी नाही.

५. उंदीर, मुंग्या व पाली : धान्य असलेल्या घरात उंदीर असणारच. तारेचे आवरण ते कुरतडतात. बोर्डात मुंग्या वारूळ करतात, पाल शिरून चिकटते. ब्रेकर अवेळी पडत असेल तर बोर्ड उघडवून हे अवश्य पाहावे.

६. न्यूट्रल व अर्थ यांची सरमिसळ : न्यूट्रल तुटला असता अर्थिंगच्या तारेवर दिवा चालविण्याचा प्रघात काही ठिकाणी आहे. तसे केल्यास गेलेली वीज न्यूट्रलने परतत नाही, म्हणून ब्रेकर पडतो. हा प्रकार अतिशय घातक आहे, कारण अर्थिंग कच्चे असेल तर त्या तारेस जोडलेल्या प्रत्येक यंत्राच्या पत्र्यात वीज उतरते. इन्व्हर्टर बसविताना त्याचा न्यूट्रल ब्रेकरच्या अलीकडच्या तारेस जोडला गेला, तरीही हिशेब चुकतो आणि कोणताही दोष नसताना ब्रेकर पडत राहतो.

७. थोडी थोडी मिळून झालेली गळती : प्रत्येक उपकरणातून नगण्य गळती होतच असते. ३० मिलिअँपिअरचा ब्रेकर १५ पर्यंत पडू नये आणि ३० ला पडलाच पाहिजे, अशी त्याची रचना असते. मोठ्या घरात अनेक उपकरणांची मिळून १० मिलिअँपिअर गळती अगोदरच होत असेल, तर किरकोळ कारणानेही ब्रेकर पडतो. अशा घरात एकाऐवजी दोन ब्रेकर बसवून भार विभागावा.

८. कडकडाट : वळवाच्या पावसात वीज कोसळली असता तारांमध्ये क्षणिक उसळी येते व ब्रेकर पडतो. कळ एकदा वर केल्यावर तो राहिला, तर चिंतेचे कारण नाही.

दोष शोधण्याची रीत

हे काम घाईचे नाही आणि पुढील पायऱ्यांसाठी बोर्ड उघडावा लागत नाही. हात कोरडे असावेत, पायांत रबरी चपला असाव्यात व शक्यतो उजेडी काम करावे.

प्रथम सर्व उपकरणांच्या पिना सॉकेटमधून काढून घ्याव्यात. केवळ बटण बंद करणे पुरेसे नाही, कारण बटण फक्त फेज तोडते. न्यूट्रलच्या बाजूने असलेली गळती तशीच राहते. त्यानंतर सर्व एमसीबी खाली करावेत व मग गळतीचा ब्रेकर वर करावा.

ब्रेकर राहिला, तर एकेक एमसीबी वर करीत जावे. ज्या एमसीबीबरोबर ब्रेकर पडेल, त्याच्या मार्गावरील तारांत दोष आहे. सर्व एमसीबी वर करूनही ब्रेकर राहिला, तर तारा ठीक आहेत. दोष उपकरणात आहे. आता एकेक उपकरण जोडून चालू करावे. ज्या उपकरणाने ब्रेकर पडेल ते बाजूस काढून, त्यावर कापडाची चिंधी बांधून ठेवावे, म्हणजे घरातील दुसरे कोणी ते नकळत लावणार नाही. फ्रिज व कूलर काही वेळ चालू ठेवून पाहावेत, कारण त्यांचे काही भाग मागाहून सुरू होतात.

सर्व एमसीबी खाली असूनही ब्रेकर राहत नसेल, तर तीन शक्यता उरतात. न्यूट्रलची तार कोठेतरी अर्थला वा ओल्या भिंतीला टेकली आहे, ब्रेकर व एमसीबी यांमधील तारेत दोष आहे, किंवा ब्रेकरच बिघडला आहे. साधा एकेरी एमसीबी न्यूट्रल तोडीत नाही, म्हणून तो खाली असूनही न्यूट्रलचा दोष कायम राहतो. येथून पुढचे काम परवानाधारक वायरमनचे. त्याजकडील मेगर यंत्राने तारांच्या आवरणाची परीक्षा होते. ५०० व्होल्टच्या परीक्षेत आवरणाचा रोध निदान १ मेगओहम असावा. ‘मेगर लावून पाहिले का?’ हा प्रश्न शेतकऱ्याने वायरमनला निःसंकोच विचारावा.

ब्रेकर दोनतीन वेळा वर करूनही पडत असेल, तर पुन्हा पुन्हा खटपट करू नये. कळीस दोरी वा काडी लावून ती वर अडकविण्याचा प्रयत्न तर कधीच करू नये. मीटर व खांब यांमधील तारेस कोणीही हात लावू नये. घरातील मुख्य कळ बंद केली, तरी ती तार जिवंतच असते. तेथील दोषाची तक्रार महावितरणकडे १९१२ या क्रमांकावर नोंदवावी.

प्रतिबंधक उपाय

शेतीची कामे जशी हंगामाने ठरतात, तशीच विजेची देखभालही ठरवून घ्यावी.

आखाजी ते मृग : घर शाकारण्याच्या व पत्रे ठीक करण्याच्या वेळीच विजेच्या तारांची तपासणी करावी. बोर्ड गळक्या जागेखाली असेल तर तो हलवावा. भिंतीच्या तळाशी ओल चढते, म्हणून सॉकेट जमिनीपासून उंच घ्यावेत. अंगणातील व गोठ्यातील सॉकेटवर झाकणाची पेटी बसवावी आणि तारेची तोंडे खालच्या बाजूने पेटीत न्यावीत, म्हणजे तारेवरून ओघळणारे पाणी आत जाणार नाही. मध्ये जोड असलेल्या तारा काढून अखंड तारा घालाव्यात. पत्र्याच्या घरात तारा नळीतून न्याव्यात. पत्र्याच्या धारेवर त्या कधीही टेकू देऊ नयेत. धारेने आवरण कापले गेले, तर अख्खे घरच जिवंत होते.

कपडे वाळत घालण्याची दोरी : लोखंडी तारेऐवजी सुती वा नायलॉनची दोरी बांधावी. घराकडे येणारी विजेची तार लोंबून या लोखंडी तारेस टेकते, आणि ओले कपडे हातात घेतलेल्या बाईच्या जिवावर बेतते. मीटरच्या अलीकडची तार असल्यास घरातील ब्रेकरही येथे उपयोगी पडत नाही. या एका दोरीची किंमत काही रुपये आहे.

उन्हाळा : कूलरमध्ये पाणी भरण्यापूर्वी त्याची पिन सॉकेटमधून काढावी. तीन पिनांची वायर दोन पिनांच्या सॉकेटमध्ये बसावी म्हणून जाड पिन कापून टाकू नये. ती अर्थिंगची पिन आहे. कूलरखाली लाकडी चौरंग किंवा विटा ठेवाव्यात व भोवती पाणी साचू देऊ नये.

अर्थिंग : घराच्या भिंतीपासून निदान दीड मीटर दूर, शक्यतो न्हाणीच्या वा हौदाच्या सांडपाण्याजवळील ओलसर जागा निवडावी. सुमारे ४० मिलिमीटर व्यासाची, अडीच मीटर लांबीची गॅल्व्हनाइज्ड लोखंडी नळी उभी पुरून भोवती कोळसा व मीठ यांचे थर द्यावेत. काळ्या जमिनीत उन्हाळाभर आठवड्यातून एकदोन वेळा खड्ड्यात पाणी घालावे. कातळ असलेल्या पाड्यावर मातीचा थर जेथे सर्वांत जाड असेल ती जागा शोधावी, मग ती घरापासून थोडी दूर असली तरी चालेल. नळीपासून बोर्डापर्यंतची तार अखंड असावी.

ब्रेकरची निवड व परीक्षा : ब्रेकर घेताना आयएसआय चिन्ह व आयएस १२६४० हा मानक क्रमांक पाहावा. त्यावर ३० मिलिअँपिअर अथवा ०.०३ अँपिअर असे लिहिलेले असावे. १०० किंवा ३०० मिलिअँपिअरचे ब्रेकरही बाजारात मिळतात, परंतु घरातील माणसांच्या रक्षणास ते पुरेसे नाहीत. महिन्यातून एकदा, वीजबिल हाती आले की त्याच दिवशी, परीक्षेचे बटण दाबावे. कळ तत्काळ पडली पाहिजे. पडली नाही तर ब्रेकर निकामी झाला आहे. तो बदलून घ्यावा. मात्र या बटणाने अर्थिंगची परीक्षा होत नाही. ती वायरमनकडून स्वतंत्रपणे करून घ्यावी.

निराळी व्यवस्था : पाण्याची मोटार, गोठा व अंगण यांसाठी स्वतंत्र ब्रेकर बसवावा. मोटारीत दोष आला तरी घरात दिवा राहतो, आणि ‘डायरेक्ट’ करण्याचा मोह होत नाही. ब्रेकर काढून टाकण्याचे खरे कारण बहुधा अज्ञान नसून अंधाराची अडचण असते. स्वयंपाक अर्ध्यावर असतो, मुलांचा अभ्यास अडतो, घरी पाहुणे आलेले असतात. ही अडचण खरी आहे. म्हणून तिच्यावर उपाय हवा. निदान एक बॅटरीचा दिवा बोर्डाजवळ टांगून ठेवला, तर दोष सकाळपर्यंत थांबू शकतो.

धक्का बसल्यास

ज्याला धक्का बसला आहे त्यास हाताने ओढू नये. प्रथम मुख्य कळ बंद करावी. ती दूर असेल, तर कोरड्या लाकडी पाटावर उभे राहून कोरड्या काठीने तार दूर करावी. त्यानंतर १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी. माणूस शुद्धीवर नसेल आणि त्याचा श्वास चालत नसेल, तर त्यास उताणे निजवून छातीच्या मध्यभागी दोन्ही तळहातांनी, मिनिटास १०० ते १२० वेळा, सुमारे पाच सेंटिमीटर खोल दाब द्यावा व मदत येईपर्यंत तो थांबवू नये. पाड्यावर रुग्णवाहिका पोहोचण्यास वेळ लागतो. तोवर त्या माणसाचे प्राण दाब देणाऱ्याच्या हातात असतात. माणूस लगेच उठून बसला, तरीही त्यास आरोग्य केंद्रात दाखवावे.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांचे कर्तव्य

या विषयाची माहिती पत्रक वाटून पोहोचणार नाही. ग्रामसभेत अथवा बचत गटाच्या बैठकीत एका घराचा बोर्ड प्रत्यक्ष दाखवावा, परीक्षेचे बटण दाबून कळ कशी पडते ते सर्वांस पाहू द्यावे. बोलणे गावाच्या बोलीत असावे. तापीकाठी अहिराणी किंवा गुजरी आणि सातपुड्यात भिलोरी किंवा पावरी भाषेतून सांगितलेली गोष्ट घरापर्यंत जाते. कूलर भरणे, कपडे वाळत घालणे, पाणी तापविणे ही कामे बहुतांशी स्त्रियाच करतात. म्हणून स्त्रियांची उपस्थिती असल्यावाचून ही बैठक घेऊ नये.

पावसाळ्यापूर्वी गावातील घरांची एक साधी यादी करावी. कोणत्या घरी गळतीचा ब्रेकर आहे, कोणत्या घरी तो आहे पण डायरेक्ट केलेला आहे, आणि कोणत्या घरी मुळीच नाही, अशी तिची तीन सदरे असावीत. शाळा, अंगणवाडी व ग्रामपंचायत यांच्या इमारतींपासून तपासणीस आरंभ करावा. दुसऱ्या सदरातील घरांकडे सर्वप्रथम जावे. त्या घरांत गळती असल्याचे ब्रेकरने एकदा सांगितलेले आहे आणि त्यानंतर त्यास गप्प करण्यात आले आहे.

पहिल्या पावसात ब्रेकर पडला, तर रात्रभर अंधारात राहण्याची तयारी ठेवावी आणि सकाळी दोष शोधावा. एका रात्रीचा अंधार सोसता येतो. कर्ता पुरुष, घरची लक्ष्मी किंवा खेळते मूल गेल्यावर घरात जो अंधार पडतो, तो मात्र कोणत्याही कळीने दूर करता येत नाही.